क्लुजचा बास्केटबॉल क्लब 'यू': विद्यापीठाचा, बँकेचा की गावाचा?

नागपाडा_पॉइंटगार्ड
युरोपातल्या बास्केटबॉलवर इथे जे काही लिहिलं जातं ते स्पेन, ग्रीस, तुर्की, सर्बिया यांच्यापलीकडे सहसा जात नाही. म्हणून मुद्दाम हा धागा. रोमानियातलं क्लुज-नापोका शहर आणि तिथला क्लब यू-बीटी. 'यू' विद्यापीठाचा, 'बीटी' म्हणजे बांका ट्रान्सिल्वानिया, त्याच गावात १९९० च्या दशकात सुरू झालेली आणि आज रोमानियातली सगळ्यात मोठी बँक.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी पटकन. विद्यापीठाचा क्रीडा क्लब १९१९ चा, पहिलं महायुद्ध संपून ट्रान्सिल्वानिया (क्लुज ज्यात येतं तो प्रांत) रोमानियात आल्यावर लगेचचा. त्याच्यामागे युलियु हात्सिएगानु नावाचा डॉक्टर होता, क्लुजच्या मेडिकल युनिव्हर्सिटीला आज त्याचंच नाव आहे. सुरुवात फुटबॉलने. १९४० ला उत्तर ट्रान्सिल्वानिया हंगेरीकडे गेला तेव्हा अख्खं रोमानियन विद्यापीठ बाडबिस्तरा आवरून सिबिऊला गेलं आणि क्लबही त्याच्याबरोबर गेला, १९४५ ला परत आले. बास्केटबॉलचा विभाग उभा राहिला तो या परतीनंतर, चाळीसच्या दशकाच्या शेवटी.

मग कित्येक दशकं राजधानीतल्या दोन दादा क्लबांच्या सावलीत. लीगचं विजेतेपद १९९२, १९९३, १९९६ ला. मग पंधरा वर्षं कोरडी, २०११ ला परत, २०१७ ला परत, आणि २०२१, २२, २३, २४ अशी ओळीने चार. २०२२-२३ पासून युरोकपमध्येही (युरोपातल्या क्लबांची दुसऱ्या पायरीची स्पर्धा) खेळायला लागले.

आता माझा प्रश्न. ही जी अलीकडची विजेतेपदं आहेत ती बँकेच्या पैशाच्या जोरावर आलीत हे कोणीही नाकारणार नाही. खेळाडू अर्धेअधिक अमेरिकन, लिथुआनियन, कुठले कुठले. तर १९९२ चा विद्यार्थ्यांचा क्लब आणि आजचा क्लब हा एकच इतिहास मानायचा का? माझं मत: हो, मानायचा, आणि त्याला कारणं आहेत. पण आधी तुमचं ऐकतो.

दादरकर
वाचतोय. तो मुरेशन याच क्लबचा ना? साडेसात फुटी?

नागपाडा_पॉइंटगार्ड
हो दादरकर, तोच. सात फूट सात इंच. त्याच्यावर येऊच.

हिशेबनीस
विषय आवडला, मत पटलं नाही.

रोमानियाच्या क्लबांचा इतिहास लिहायचा तर धागा प्लोएश्टवर निघायला हवा होता. असेसॉफ्ट प्लोएश्ट. रोमानियातल्या पुरुषांच्या क्लबाने युरोपातली ट्रॉफी जिंकली असेल तर ती यांनी, २००५ साली, फिबाच्या (बास्केटबॉलची आंतरराष्ट्रीय संघटना) युरोप कपात, फायनलला रशियाच्या लोकोमोटिव्ह रोस्तोवला हरवून. स्पर्धा खालच्या पायरीची होती हे मान्य, पण ट्रॉफी ती ट्रॉफी. २००४ पासून २०१५ पर्यंत देशातली बहुतेक सगळी विजेतेपदं यांच्याच कपाटात. क्लुजचं २०११ चं विजेतेपद म्हणजे त्या मालिकेत मध्येच आलेला एक खडा.

आणि असेसॉफ्ट म्हणजे कोण, तर प्लोएश्टमधली आयटी कंपनी, आणि तिच्यामागे सेबास्टियन गित्सा नावाचा उद्योजक जो पुढे खासदार झाला. म्हणजे पैसा तिथेही होता आणि इथेही आहे. फरक एवढाच की एकीकडे मालक होता आणि दुसरीकडे बँक आहे. २०१५ ला असेसॉफ्ट चॅम्पियन होती, त्यानंतर ते नाव वर पुन्हा दिसलं नाही. उद्या बँकेने हात काढला तर क्लुजचंही तेच होणार. मग कसला १९१९ पासूनचा इतिहास? जर्सीवर जो पैसे देतो त्याचं नाव, तोच इतिहास.

सोमेशकाठची
नोकरीमुळे क्लुजमध्ये आहे, त्यामुळे या धाग्यावर न लिहिता राहवणारच नव्हतं.

हिशेबनीस, तुम्ही एकदा इथे येऊन मॅच बघा. सोमेश नदीच्या काठाने चालत गेलं की आधी फुटबॉलचं मोठं स्टेडियम लागतं आणि त्याला खेटून बीटी अरेना. २०१४ ला उघडलं, साधारण दहा हजार लोक बसतील एवढं. जानेवारीत बाहेर शून्याखाली असतं, लोक कोपऱ्यावरच्या दुकानातून गरम कोव्रिजी घेऊन (तिळाची किंवा मिठाची गोल वळकटीसारखी ब्रेड, इथला वडापाव समजा) ती खात खात येतात, हातमोजे काढायला नको म्हणून कागदासकट तोंडाला लावतात. गळ्यात काळेपांढरे स्कार्फ. क्लबचे रंग काळापांढरा, फुटबॉलचेही तेच आणि बास्केटबॉलचेही तेच. बँकेचे रंग वेगळे आहेत, पण गळ्यात कोणी ते घालून येत नाही.

माझ्या शेजारच्या सीटवर बऱ्याचदा एक आजोबा असतात. त्यांचा स्कार्फ इतका जुना की पांढरा भाग पिवळट पडलाय आणि काठाचे दोरे निघालेत. ते कधीच 'यू-बीटी' म्हणत नाहीत, नुसतं 'यू' म्हणतात. घोषणाही तीच, 'हाइदे यू', म्हणजे 'चल यू'. समोरच्याचा फ्री थ्रो असला की हे पाय आपटतात, आणि आपला असला की शेजारच्या पोरांना गप्प बसवतात. मॅच संपली की शेवटच्या क्वार्टरमध्ये कोणाला कधी बाहेर बसवायला हवं होतं याचा हिशेब मला रोमानियनमधून सांगतात, आणि मला जेवढं कळतं तेवढ्यावर आमचं भांडणही होतं. त्यांच्या डोक्यात हा क्लब एकच आहे. जुन्या हॉलमध्ये बसून बघितलेला आणि आता इथे बसून बघतात तो.

जुन्या हॉलला होरिया देमियानचं नाव आहे. हा 'यू'चाच बास्केटबॉल खेळाडू. शहराने हॉलला मंत्र्याचं किंवा सम्राटाचं नाव न देता खेळाडूचं दिलं. मला हे फार भारी वाटतं.

चहाचा_कप
कोव्रिजीची रेसिपी टाका ना ताई.

सोमेशकाठची
पाककृती विभागात टाकते, इथे नको, धागामालक रागावतील :-)

जुना_खेळगडी
मी साठी ओलांडलेला माणूस, तरुणपणी जिल्हा पातळीवर खेळलो आहे. त्या काळी आमच्या हाती पूर्व युरोपातली क्रीडा मासिकं लागायची, त्यामुळे हा विषय जिव्हाळ्याचा.

धागाकर्त्याने 'दोन दादा क्लब' म्हणून सोडून दिलं पण ती गोष्ट नीट सांगितल्याशिवाय १९९२ चं मोल कळणार नाही. स्टेआउआ म्हणजे लष्कराचा क्लब, १९४७ चा. डायनामो म्हणजे गृहखात्याचा, १९४८ चा. दोघंही बुखारेस्टचे. बास्केटबॉलमधली दोघांची मिळून चाळीसच्या वर विजेतेपदं आहेत. कारण सोपं होतं. चांगला पोरगा कुठेही दिसला की लष्करी सेवेच्या नावाखाली स्टेआउआने उचलायचा, नाहीतर डायनामोने खात्यात नोकरी द्यायची. क्लुज, टिमिशोआरा, ओराडिया इथे पोरं घडायची आणि राजधानीत जाऊन जिंकायची. विद्यापीठाच्या क्लबाकडे द्यायला काय होतं? हॉस्टेलची खोली आणि डिग्री. तरी चांगले खेळाडू तिथे राहत होते.

डिसेंबर १९८९ ला कम्युनिस्ट राजवट गेली, राजधानीच्या क्लबांमागचा सरकारी हात सैल झाला, आणि दोनच वर्षांत, १९९२ ला, हे विद्यार्थी चॅम्पियन. लगेच पुढच्या वर्षी परत. लष्कर आणि पोलीस बाजूला सरकल्यावर मैदानावर कोण उरलं, तर ज्याने पोरं घडवली होती तो. डायनामोने नंतर नव्वदच्या दशकात परत काही विजेतेपदं घेतली, पण पूर्वीसारखी मक्तेदारी संपली ती संपलीच.

आणि एक. रोमानियाला बास्केटबॉलमध्ये नवखा देश समजू नका. १९३२ साली जिनिव्हात फिबा स्थापन झाली तेव्हाच्या आठ संस्थापक देशांत रोमानिया आहे. अर्जेंटिना, चेकोस्लोव्हाकिया, ग्रीस, इटली, लाटव्हिया, पोर्तुगाल, स्वित्झर्लंड आणि रोमानिया. १९५७ आणि १९६७ च्या युरोपियन चॅम्पियनशिपमध्ये त्यांचा पाचवा नंबर होता.

हिशेबनीस
काका, माहिती उत्तम. पण तुमच्याच सांगण्यावरून माझा मुद्दा पक्का होतो. आधी लष्कराचं पाठबळ, मग कंपनीचं, मग बँकेचं. ज्याच्यामागे ताकद तो चॅम्पियन. इतिहास पाठबळाचा आहे, क्लबचा नाही.

जुना_खेळगडी
बाळा, मग १९९२ ला कोणाचं पाठबळ होतं ते सांग. त्या वर्षी देशात लोकांना घर गरम ठेवायची मारामार होती.

दादरकर
मुरेशन येऊ द्या आता.

नागपाडा_पॉइंटगार्ड
घ्या दादरकर, तुमच्यासाठी.

गेओर्गे मुरेशन, जन्म १९७१, क्लुज जिल्ह्यातल्या त्रितेनी गावचा. आईवडील साध्या उंचीचे. चौदाच्या आसपास असताना दात दाखवायला गेला तर दातांचा डॉक्टर निघाला बास्केटबॉलचा रेफरी, आणि त्याने या पोराला खेळाकडे वळवलं, अशी गोष्ट सगळीकडे सांगितली जाते. 'यू'कडून खेळला, ज्या मोसमात यांनी विजेतेपद घेतलं त्या १९९१-९२ मध्ये तो संघात होता. मग एक वर्ष फ्रान्समध्ये पो-ओर्तेझकडे, आणि १९९३ च्या एनबीए ड्राफ्टमध्ये वॉशिंग्टनने त्याला तिसाव्या क्रमांकावर उचलला.

लोक त्याला नुसता उंचीचा नमुना समजतात, त्याचा मला फार राग येतो. १९९५-९६ ला हा माणूस एनबीएचा 'मोस्ट इम्प्रूव्ह्ड प्लेअर' होता. सरासरी साडेचौदा पॉइंट आणि साडेनऊच्या वर रिबाउंड. त्या वर्षी आणि पुढच्याही वर्षी फील्ड गोलच्या टक्केवारीत अख्ख्या लीगमध्ये पहिला, पुढच्या वर्षी तर साठ टक्क्यांच्या वर. बास्केटखाली बॉल आला की हाताचा नाजूक वळसा देऊन हूक टाकायचा, उडी जवळजवळ नाहीच. जुने व्हिडिओ काढून त्याचं मनगट बघा, उंची विसराल. पुढे दुखापतींनी शरीर साथ देईना.

गोळ्या_आणि_इंजेक्शन
वैद्यकीय बाजू दोन ओळीत. मेंदूच्या तळाशी पिट्यूटरी नावाची वाटाण्याएवढी ग्रंथी असते, तिच्यावर गाठ झाली की ग्रोथ हार्मोन वाजवीपेक्षा जास्त सुटतं. हाडांची टोकं जुळायच्या आत, म्हणजे वयात येण्याआधी किंवा येताना हे झालं तर उंची वाढतच जाते. मुरेशनचं कारण हेच. सांध्यांवर, पाठीवर, हृदयावर त्याचा ताण येतो. अशा शरीराने रोज एनबीएच्या वेगात धावणं म्हणजे काय, हे ज्यांनी असे पेशंट बघितलेत त्यांनाच कळेल. त्यामुळे पॉइंटगार्ड यांचा राग मला शंभर टक्के मान्य.

दादरकर
धन्यवाद दोघांनाही. हे मनगटाचं कधी लक्षात घेतलं नव्हतं. आत्ताच दोन व्हिडिओ बघितले. खरंच की हो.

रंकाळा_रिटर्न्स
कोल्हापूरकर म्हणून मला हा प्रश्न घरचाच वाटतो. आमच्याकडे फुटबॉलचे संघ तालमींचे. पाटाकडील, खंडोबा, बालगोपाल, दिलबहार. जर्सीवर दरवर्षी वेगळा स्पॉन्सर, कधी बिल्डर, कधी चप्पलवाला, आता बाहेरचे खेळाडूही येतात, नायजेरियनसुद्धा खेळून गेले. म्हणून पेठेतला कोणी म्हणतो का की हा आपला संघ नाही? शाहू स्टेडियमवर भांडणं बघा म्हणजे कळेल कोणाचा संघ ते.

क्लुजचं मला पटलं ते एका गोष्टीमुळे. विद्यापीठ गाव सोडून पाच वर्षं सिबिऊला गेलं तरी क्लब टिकला. म्हणजे जागा नव्हती, मैदान नव्हतं, तरी माणसं होती.

हिशेबनीस
रंकाळा, तालमीचं उदाहरण छान आहे पण तालीम आणि प्रोफेशनल क्लब यात फरक आहे. मी मुंबईचं उदाहरण देतो. महिंद्रा युनायटेड. २००५-०६ ला राष्ट्रीय फुटबॉल लीग जिंकली, ड्युरंड जिंकला. २०१० ला कंपनीने ठरवलं की आता सीनियर संघ नको, संघ बंद. एवढे चाहते होते, कूपरेजला येणारे, त्यांना कोणी विचारलं का? प्रोफेशनल खेळात शेवटचा शब्द चेक लिहिणाऱ्याचा.

रंकाळा_रिटर्न्स
पण तो संघ कंपनीनेच काढलेला होता हो. आधी कंपनी, मग संघ. क्लुजला आधी क्लब, मग बँक. हा क्रम महत्त्वाचा नाही का?

नागपाडा_पॉइंटगार्ड
रंकाळा, हेच. मी हेच म्हणणार होतो. या क्लबच्या जर्सीवर बँकेच्या आधी मोबिटेलको होतं, २०११ ला जिंकले तेव्हा नाव 'यू मोबिटेलको' होतं. तो स्पॉन्सर गेला, क्लब गेला नाही. दुसरा शोधला. प्लोएश्टला ते जमलं नाही कारण तिथे नावातला मोठा भाग कंपनीचाच होता, लोकांच्या तोंडीही तोच.

सीमेवरचा_सेंटर
ओराडियात मेडिकल करतोय, त्यामुळे या धाग्यावर विरोधी पक्षाची बाजू मांडणं माझं कर्तव्य आहे :-)

क्लुजवाल्यांनी २०१७ आणि मग २०२१ असं सांगताना मधली वर्षं गिळली. २०१६ ओराडिया. २०१८ ओराडिया. २०१९ ओराडिया. २०२० ला कोविडमुळे मोसम पूर्णच झाला नाही. क्लुज आणि ओराडिया यांच्यात दीडशे किलोमीटर अंतर आहे, आणि या मॅचच्या दिवशी दोन्ही गावांत दुसरा विषय नसतो. माझे रूममेट परीक्षेच्या आदल्या रात्रीही मॅच सोडत नाहीत.

आमचा क्लब महापालिकेचा आहे, पैसे शहराच्या बजेटमधून. बँक नाही, मालक नाही. इथेही जुन्या हॉलला खेळाडूचंच नाव आहे, अंतोनियो अलेक्से. म्हणजे सोमेशकाठची ताईंनी जे क्लुजबद्दल कौतुकाने लिहिलं ते आमच्याकडेही आहे हे नोंदवून ठेवतो. नव्या अरेनात गेलोय आता, पण सीनियर लोक सांगतात जुन्या हॉलमध्ये आवाज अंगावर यायचा.

हिशेबनीस दादांना विचारायचंय, महापालिकेचा पैसा असेल तर मग तुमच्या हिशेबात इतिहास कोणाचा, नगरसेवकांचा?

हिशेबनीस
चांगला प्रश्न. करदात्यांचा म्हणेन. आणि खरं सांगायचं तर तिन्हीत ओराडियाचं मॉडेल मला जास्त प्रामाणिक वाटतं, पण महापालिकेचा पैसा म्हणजे दर निवडणुकीला टांगती तलवार. नवा महापौर आला आणि त्याला हँडबॉल आवडत असेल तर?

सीमेवरचा_सेंटर
रोमानियात हँडबॉल सगळ्यांनाच आवडतो, तो धोका कायमचाच आहे :-)

ताईचा_थ्री_पॉइंटर
सगळा धागा पुरुषांच्या क्लबांवर. रोमानियात बायकांचा बास्केटबॉल बघायचा तर स्फुंतु गेओर्गे या छोट्या गावाकडे बघा. सेप्सी एसआयसी. गाव बहुसंख्य हंगेरियन भाषिक, राजधानीपासून लांब, डोंगराच्या कुशीत, आणि २०१६ पासून या बायकांनी विजेतेपदांची रांग लावली. तिथे मोठा उद्योगपती नाही, बँकेचं मुख्यालय नाही. गाव मात्र क्लबच्या मागे.

मी स्वतः पुण्यात खेळले आहे, शिरीन लिमयेला कोर्टवर बघितलंय, भारताची कॅप्टन झाली ती. तिच्यासारख्या मुलीला जर खेळायला असा गावचा क्लब मिळाला असता, वर्षाचे आठ महिने लीग, पगार, हॉल, तर काय झालं असतं असं वाटत राहतं. आपल्याकडे मुली रेल्वेत लागतात आणि रेल्वेकडून खेळतात, त्यात वाईट काही नाही, नोकरी आहे, पण मॅचला गाव येत नाही. म्हणून क्लुज असो की सेप्सी, या लोकांचं मला कौतुक आहे.

अनघा_ठाणे
विषय थोडा सोडून लिहिते. रोमानिया म्हटलं की मला फेब्रुवारी २०२२ आठवतो. भाचा युक्रेनमध्ये शिकत होता, सीमा ओलांडून रोमानियात आला. ऑपरेशन गंगाचं पहिलं विमान बुखारेस्टहून २६ तारखेला मुंबईत उतरलं, आम्ही टीव्हीला चिकटून होतो, तो नंतरच्या विमानाने आला. त्याला आणि त्याच्या मित्रांना एका शाळेच्या जिममध्ये झोपायला जागा दिली होती, बास्केटच्या खाली गाद्या टाकून. गावातल्या बायका सूप घेऊन यायच्या. तुमच्या धाग्यात हॉल आणि अरेना वाचताना तेच डोळ्यासमोर येतंय. त्या देशाचं भलं होवो.

सोमेशकाठची
अनघाताई, त्या दिवसांत इथेही ऑफिसातले सगळे गाड्या भरभरून सामान सीमेकडे पाठवत होते. रोमानियन माणूस वरून थोडा तुटक वाटतो, पण वेळेला धावून येतो.

रच्याकने, बीटी अरेना फक्त बास्केटबॉलची नाही. २०१७ च्या युरोबास्केटचा (काकांनी सांगितलेली तीच युरोपियन चॅम्पियनशिप, देशांच्या संघांची) एक ग्रुप इथे झाला. स्पेन, क्रोएशिया, माँटेनेग्रो, चेक, हंगेरी आणि यजमान रोमानिया. तीस वर्षांनी रोमानिया त्या स्पर्धेत खेळत होती. पाउ गासोलने युरोबास्केटमधल्या सर्वाधिक पॉइंटांचा टोनी पार्करचा विक्रम त्याच वेळी मोडला. आणि टेनिसवाल्यांसाठी: सिमोना हालेपने फेब्रुवारी २०२५ मध्ये निवृत्ती जाहीर केली ती याच कोर्टवर.

जुना_खेळगडी
१९८७ नंतर थेट २०१७. जो देश फिबाच्या स्थापनेला बसला होता त्याला युरोबास्केटला तीस वर्षं लागली. याचं उत्तर क्लबांच्या दुरवस्थेत आहे. क्लब नसेल तर राष्ट्रीय संघ कुठून येणार? म्हणून मी म्हणतो बँकेला नावं ठेवू नका. पगार वेळेवर मिळतोय, हॉल भरतोय, गावातली पोरं शनिवारी मोठ्या खेळाडूंना बघतायत, त्यातले चार उद्या खेळतील.

हिशेबनीस
काका, तेच तर विचारतोय, खेळतायत का? सलग चार वर्षं चॅम्पियन झालेल्या संघात क्लुजची किती पोरं?

नागपाडा_पॉइंटगार्ड
हा प्रश्न रास्त आहे आणि क्लबच्या चाहत्यांनाही तो बोचतो. संघाचा कणा बाहेरचा आहे. पॅट्रिक रिचर्ड अमेरिकन, दोनातास तारोलिस लिथुआनियाचा, दोघांनाही प्रेक्षकांनी मनापासून आपलं मानलं. पण रोमानियनही आहेत, एमान्युएल कात्सेसारखा सेंटर, जो रेआल माद्रिदच्या युवा संघात घडून आला.

पण सगळ्यात महत्त्वाचा माणूस बेंचवर आहे. मिहाई सिल्वाशान. हा आधी याच क्लबचा खेळाडू, मग तरुण वयातच कोच झाला. २०१७ चं विजेतेपद त्याचं, नंतरची चारही त्याची, राष्ट्रीय संघाचाही कोच झाला. स्पॉन्सर बदलले, खेळाडू दर उन्हाळ्यात बदलतात, टाइमआउटला मधोमध फळी घेऊन उभा राहणारा माणूस तोच. पूर्व युरोपात कोच मोसमाच्या मध्यात हाकलले जातात, तिथे एका क्लबाने आपल्याच खेळाडूवर इतका विश्वास ठेवला. बँकेच्या पैशाने अमेरिकन गार्ड आणता येतो, असा कोच बाजारात मिळत नाही. माझ्या 'एकच इतिहास' या मताचं पहिलं कारण हा माणूस.

सोमेशकाठची
+१०० सिल्वाशानसाठी. आजोबा त्याला अजून नुसत्या नावाने हाक मारतात, 'मिहाई, झोन लाव रे' असं काहीतरी.

शेवटचा_बाक
धागा एका बैठकीत वाचून काढला. एक शंका. हे लोक आता आड्रियाटिक लीगमध्ये गेलेत ना? मग रोमानियन लीगचं काय?

नागपाडा_पॉइंटगार्ड
बरोबर, २०२५-२६ पासून एबीए लीग, म्हणजे जुन्या युगोस्लाव्ह देशांची लीग, ती वाढवून मोठी केली त्यात क्लुजला घेतलं. बेलग्रेडचे पार्टिझान आणि रेड स्टार, माँटेनेग्रोचा बुदुच्नोस्त, दुबईचाही संघ आहे. युरोकप आहेच. खेळाचा दर्जा वाढेल यात वाद नाही, पार्टिझान घरच्या कोर्टवर येणार ही कल्पनाच पाच वर्षांपूर्वी कोणी केली नसती.

हिशेबनीस
आणि इथेच मी पुन्हा माझ्या मूळ मुद्द्यावर येतो. ओराडियाशी भांडण, स्टेआउआ डायनामोशी जुनं वैर, यावर हा क्लब उभा राहिला असं तुम्ही सगळे म्हणताय. आणि आता पैसा वाढला तसा क्लब देशाबाहेरच्या लीगकडे बघतोय. विद्यार्थ्यांच्या क्लबाने हे केलं असतं का?

सीमेवरचा_सेंटर
दादा, यावर विरोधी पक्ष असूनही मी क्लुजच्या बाजूने. आम्हाला ते लांब गेलेले नकोयत, आम्हाला ते दमलेले हवेत. बेलग्रेडहून रात्री परत आलेले आणि दोन दिवसांनी आमच्या हॉलमध्ये आलेले :-) आणि गंमत सोडून, आमच्याकडच्या पोरांना वाटतं की क्लुजने वाट काढली तर मागून आपणही जाऊ.

रंकाळा_रिटर्न्स
हा खरा शेजारी!

जुना_खेळगडी
हिशेबनीस, विद्यार्थ्यांच्या क्लबाने केलं असतं का विचारतोस. मला वाटतं केलं असतं. १९९२-९३ ला त्यांच्या हातात पैसा असता तर मुरेशन फ्रान्सला गेलाच नसता, अजून एखादं वर्ष तरी क्लुजला खेळला असता. तेव्हा क्लबाने पोर घडवून हातातलं सोडून दिलं, कारण द्यायला काही नव्हतं. आज तो क्लब कोणाला तरी थांबवू शकतो. माझ्या लेखी ते विद्यार्थ्यांचंच काम पुढे चाललंय, पाकीट जाड झालंय एवढंच.

हिशेबनीस
हा मुद्दा वजनदार आहे काका. तरी पाकीट दुसऱ्याचं आहे हे माझं म्हणणं राहतंच. बँकेने नाव काढल्यावर दहा वर्षांनी आपण हा धागा वर काढू.

सोमेशकाठची
नक्की काढू. पार्टिझानच्या मॅचला तिकीट मिळालं तर आजोबांना हाच प्रश्न विचारते, बँक गेली तर काय. ते काय म्हणतील याचा अंदाज आहे, पण त्यांच्याच शब्दांत इथे टाकीन. कोव्रिजी पाककृती विभागात टाकलीय, चहाचा_कप, तीळ भाजून घेऊ नका, ओव्हनमध्ये भाजले जातातच.